जंगू धुरकऱ्याची हाक

रोहण्याच्या शाळेत माझी बदली झाली ती एकोणीसशे पन्नासच्या जूनमध्ये, आणि त्यानंतरच्या माघात गावकऱ्यांनी मला शंकरपटाच्या, म्हणजे बैलजोड्यांच्या शर्यतीच्या, शेवटाला झेंडा हातात देऊन उभं केलं. कारण विचाराल तर एवढंच, की मी गावात कुणाचा सोयरा नव्हतो. दोन जोड्या नाकाला नाक लावून आल्या की कोणती पुढे हे सांगायला बिनसोयऱ्याचा माणूस लागतो, नाहीतर डोकी फुटतात. मला बैलांतलं ओ की ठो कळत नव्हतं. शिवाय पट म्हणजे रिकामटेकड्यांचा उद्योग असं माझं ठाम मत होतं, आणि ते मी पहिल्याच दिवशी चारचौघांत बोलून दाखवलं. लोक हसले. म्हणाले, "मास्तर, एक डाव पाहा तं खरं, मंग बोलजा."

ज्यांनी पट पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. चारशे पावलांची सरळ जमीन, मधोमध मातीचा एक बुटका बांध, बांधाच्या दोन्ही अंगांना एकेक जोडी. मागे हलका छकडा, त्याच्यावर एक माणूस उकिडवा बसलेला. शेवटाला नांगरलेलं वावर, म्हणजे ढेकळांत पाय रुतले की बैल आपोआप मंदावतात. छकड्यावरचा माणूस हा जोडीचा मालक नसतो. मालक फेटा बांधून मंडपात बसतो आणि मिशीवर ताव देतो. हाकणारा वेगळा, त्याला आमच्याकडे धुरकरी म्हणतात. हाडं मोडायची ती धुरकऱ्याची.

त्या पहिल्या दिवशी तीन-चार फेऱ्या झाल्या होत्या. प्रत्येक धुरकऱ्याच्या हातात तुतारी होती, म्हणजे टोकाला खिळा ठोकलेली काठी. ती बैलाला टोचत, शिव्या देत, धुळीतून ते यायचे आणि मी कंटाळून झेंडा खाली करायचो. मग एक आवाज आला. आधी आवाज आला, मागून बैल आले. छकड्यावर एक काळासावळा, काटकुळा माणूस, दोन्ही हातांत कासरे, आणि तुतारी नाही. तो हाक देत होता. ती हाक मला लिहून दाखवता येणार नाही. एकदा वर्गात मुलांना करून दाखवायला गेलो तर मुलं आठवडाभर हसत होती. शिवी नव्हती, आरडाओरड नव्हती. छातीच्या तळातून निघून वर वर चढत जाणारा एक लांब सूर, मधे त्याच्या गोंडी बोलीतले दोन-तीन शब्द, आणि शेवटी टाळूवर जीभ आपटल्याचा आवाज. बैलांचे चारही कान मागे वळलेले. त्यांना कुणी पळवत आहे असं वाटतच नव्हतं, त्यांनाच पळायचं होतं. माझ्या अंगावर काटा आला. शेजारच्या पंचानं हाताला हिसका दिला तेव्हा कळलं, की मी झेंडा खाली करायलाच विसरलो आहे.

त्या पटात ती जोडी तिसरी आली. झेंड्याबरोबर भोंग्यावर निकाल वाचायचं कामही माझ्याच गळ्यात होतं. मी वाचलं, "तिसरा नंबर, देवळीच्या पाटलांची जोडी." धुरकऱ्याचं नाव कागदावर नव्हतंच. मी पंचाला विचारलं, हाकणारा कोण?

"जंगू हाय तो. जंगू उईके. भाड्याचा धुरकरी."

"त्याचं नाव नाही वाचायचं?"

"धुरकऱ्याचं नाव कोण वाचते, मास्तर?" पंच म्हणाला आणि पुढच्या फेरीच्या चिठ्ठ्या काढू लागला.

भाड्याचा धुरकरी हे काय प्रकरण असतं, ते मला पुढच्या सात वर्षांत कळलं. रोहण्याहून दोन कोसांवर, जंगलाला लागून जंगूची वस्ती. चार एकर मुरमाड जमीन आणि बायको जिजा. दिवाळी झाली की हा घोंगडं खांद्यावर टाकून निघायचा. कुणाकडे पटाची जोडी आहे, कुणाला धुरकरी हवा आहे, याचा तपास करत मालकांच्या दारी जायचा. ठरलं तर होळीपर्यंत त्यांच्या गोठ्यात मुक्काम. पुढच्या वर्षी पुन्हा घोंगडं, पुन्हा दारं. बेचाळीस सालापासून सोळा हंगाम त्यानं असे काढले आणि सोळा हंगामांत अकरा मालक केले. वडनेरच्या एका मालकानं सलग तीन वर्षं ठेवलं, चौथ्या वर्षी त्याच्या जावयाला छकड्यावर बसायची हौस आली. आर्वीच्या एकानं जोडी विकली आणि निरोपही धाडला नाही. जंगू पायी चालत गेला तर गोठा रिकामा. पुलगावकडची एक जोडी बुळकांडीच्या रोगानं गेली, तेव्हा हा चार दिवस जेवला नाही असं जिजा सांगायची. देवळीला छकडा उलटून उजव्या खांद्याचं हाड मोडलं आणि ते वाकडंच जुळलं. त्याच हाताची दोन बोटं कासऱ्याच्या वेढ्यात तुटून गेली. कुठे गेली विचारलं तर म्हणायचा, "अमरावतीकडं कुठी तरी असतीन. आपली तथी जमीन नाई, बोटं तं हायेत."

लहानसहान पटांत त्यानं पहिले नंबर पुष्कळ आणले. पण रोहण्याचा पट आमच्या भागात मोठा. तिथे दूरदूरच्या जोड्या यायच्या आणि तिथला पहिला नंबर म्हणजे एकदाचं नाव झालं. रोहण्यात पहिला आलेला धुरकरी पुन्हा मालकांच्या दारी जात नाही, मालक त्याच्या दारी येतात. जंगूचे तिथे तीनदा दुसरे आणि पाचदा तिसरे नंबर झाले होते. पहिला कधीच नाही. कधी जोडी कमी पडली, कधी ऐनवेळी छकड्याचा आस मोडला, एकदा तर मालकानंच शेवटच्या फेरीला त्याला उतरवून भाच्याला बसवलं. त्याला तो नंबर हवा होता. तोंडानं तो कधी बोलला नाही, पण किती हवा होता ते पटाच्या आदल्या दिवशी त्याच्या जेवणावरून कळायचं. भाकरी तशीच राहायची.

आता त्याची विद्या मी जवळून पाहिली ते सांगतो. चौपन्न साली रोहण्याच्या रूपरावनं दोन पांढरे गोऱ्हे आणले, पाखऱ्या आणि हौश्या, आणि शिकवायला जंगूला बोलावलं. रूपरावचा गोठा आमच्या शाळेच्या मागेच. शाळा सुटली की मी तिथे जाऊन बसायचो. पहिले आठ दिवस जंगूनं काही म्हणता काही केलं नाही. गव्हाणीजवळ बसून त्या गोऱ्ह्यांशी बोलायचा, आपल्या बोलीत, हळूहळू, सुखदुःखाचं बोलावं तसं. आठव्या दिवशी माझाच धीर सुटला. म्हटलं, "अरे, रूपरावनं तुला गप्पा मारायला ठेवलंय का?"

"मास्तर, तुमी पोट्ट्याइले पह्यल्याच दिवशी पाढे शिकवता?"

"हो. शिकवतो."

"मनूनच पळून जाते तुमचे पोट्टे."

मला राग आला, पण त्या वर्षी पहिलीतली सहा मुलं खरोखरच पळाली होती.

नवव्या दिवशी हौश्या कडबा खात होता. जंगू त्याच्या मागे उभा राहून काहीतरी पुटपुटला. हौश्यानं मान वळवली नाही, खाणं थांबवलं नाही, फक्त डावा कान मागे फिरवला. जंगू एकदम गप्प झाला. मग खाली वाकून त्यानं बैलाच्या पायाजवळच्या मातीला हात लावला आणि तो हात कपाळाला नेला. माझ्याकडे वळून म्हणाला, "कान वळला का बैल आपला. आता जू ठेवाचं." मी तीस वर्षांचा होईस्तोवर शिकलो आणि पुढे जन्मभर शिकवत आलो, पण शिकवणं म्हणजे नेमकं कशाची वाट पाहणं, ते मला त्या गोठ्यात समजलं.

पळण्याची हाक त्यानं दोन महिन्यांत शिकवली. थांबण्याची हाक शिकवायला वर्ष घेतलं. "पळणं बैलाच्या आंगातच रायते," तो म्हणायचा, "थांबणं शिकवा लागते." ती शिकवण पुरी झाल्यावर त्यानं मला वावरात नेऊन दाखवलं. पाखऱ्या आणि हौश्या मोकळे, पुऱ्या वेगानं पळत सुटलेले, आणि जंगू दूर बांधावर पाठमोरा उभा. त्यानं एकच शब्द टाकला. दोघांनी खूर रोवले. धूळ खाली बसली तेव्हा दोघं जागच्या जागी उभे होते आणि जंगूच्या दिशेनं पाहत होते. मी देवळात फारसा जात नाही, पण त्या दिवशी हात जोडावेत असं मला वाटलं.

पुढे रूपरावनं ती जोडी आर्वीच्या महादेवरावांना विकून टाकली. महादेवराव कापसाचे व्यापारी, त्यांचा धुरकरी घरचाच, चंद्रभान नावाचा विशीतला गडी. जंगू गोठ्यातून घोंगडं घेऊन निघाला. जाताना त्यानं जोडीकडे वळून पाहिलं नाही.

सत्तावन्न सालचा हंगाम उजाडला तेव्हा जंगूचा उजवा हात खांद्याच्या वर जात नव्हता. जिजानं सांगून टाकलं होतं, हे शेवटचं वर्ष. वडनेरच्या पुंडलिकरावांनी चांद्या आणि भुरा ही नवी जोडी त्याच्या हवाली केली. दोन महिने मिळाले. तेवढ्यात त्यानं त्यांना पळण्याची हाक दिली, थांबण्याची शिकवायला वेळच नव्हता. पण काय जोडी होती ती! रोहण्याला आली आणि पहिल्या फेरीपासून लोक म्हणू लागले, औंदा जंगूचं नशीब उघडलं.

पटाच्या पहिल्याच दिवशी एक गोष्ट घडली. जंगू आपली दुसरी फेरी पळवत होता, हाक टिपेला पोचली होती. मैदानाच्या दुसऱ्या टोकाला कडुनिंबाखाली महादेवरावांची जोडी नुकतीच आणून बांधली होती. पाखऱ्यानं मान वर केली, एक हिसका दिला आणि खुंटाच उपटला. हौश्यानं दावं तोडलं. दोघं गर्दीतून सरळ धावत आले. बायाबापड्या, पोरंसोरं, हातगाड्या, सगळे वाट फुटेल तिकडे पळाले. जंगूचा छकडा ढेकळांत थांबतो न थांबतो तोच ते येऊन त्याच्यापुढे उभे राहिले. पाखऱ्यानं आपलं मुस्कट त्याच्या काखेत घातलं. दोन वर्षं झाली होती. दोन वर्षं त्या बैलांनी ती हाक ऐकली नव्हती. मी गणित शिकवणारा माणूस आहे, ऐकीव गोष्टींवर माझा विश्वास नाही, पण हे मी वीस पावलांवरून पाहिलं. जंगूनं दोघांचीही कपाळं खाजवली आणि स्वतः चालवत नेऊन त्यांना पुन्हा त्या कडुनिंबाला बांधून दिलं. तो परत आला तेव्हा त्याच्याशी बोलण्यात अर्थ नव्हता.

लोकांना मात्र चेष्टेला विषय मिळाला. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत सगळ्या जोड्या गळाल्या आणि शेवटच्या फेरीला उरल्या त्या नेमक्या दोन: पुंडलिकरावांची आणि महादेवरावांची. पानठेल्यावर लोक एकमेकांना टाळ्या देऊन म्हणत होते, "आज जंगू एका तोंडानं दोन छकडे हाकते!" चंद्रभानला नुसतं बसून राहायचं होतं.

शेवटच्या फेरीआधी मालकांची नावं कागदावर लिहून घ्यायला मी बाभळीखाली गेलो. पुंडलिकराव, जंगू आणि थोडी दूर जिजा बसली होती. सोळा वर्षांत ती पहिल्यांदाच पट पाहायला आली होती. पुंडलिकरावांचा पारा चढलेला होता.

"जंगू, आज तोंड बंद ठेवजो," ते म्हणत होते. "तू हाक देशीन तं त्याची जोडीबी तुयाच हाकेवर पळन."

"मुक्यानं जोडी पळत नाई, पाटील. सकाळी करून पाह्यलं. चालते, पळत नाई."

"मंग तुतारी घे."

"ते होत नाई."

"काऊन होत नाई? सारे घेते."

"सारे घेते. मी घेत नाई."

पुंडलिकरावांनी काडीनं मातीत दोन रेघा ओढल्या. मग त्यांना सुचलं. ते इतकं सोपं होतं, की मला आधी कसं सुचलं नाही असं वाटलं.

"त्या जोडीले तू थांबाची हाक शिकवली होती ना?"

"शिकवली होती."

"आपल्या जोडीले ते ठाऊक नाई."

"नाई."

"मंग अर्ध्या पटात दे ना बाप्पा थांबाची हाक! ते थांबतीन, आपले पळतीन. कोण काय म्हणन?"

माझ्या हातातली पेन्सिल थांबली. मी मनातल्या मनात पटाचे सगळे नियम चाळले. धुरकऱ्यानं दुसऱ्याच्या बैलाला हात लावू नये, बांध ओलांडू नये, असं सगळं होतं. त्यानं तोंडानं काय ओरडावं याचा एकही नियम नव्हता. त्यानं ती हाक दिली असती तर मला झेंडा त्याच्याच बाजूला टाकावा लागला असता. सोळा वर्षं ज्याच्यासाठी दारं झिजवली ते त्याच्या जिभेवर येऊन बसलं होतं.

जंगूनं कासऱ्याची गाठ सोडून पुन्हा बांधली. मग म्हणाला, "पाटील, ते हाक आली का ते समजते, समोर खड्डा हाय, नाई तं माणूस हाय. मनून थांबते."

"मंग?"

"समोर खड्डा नसन तं मी त्याइले काय सांगू?"

पुंडलिकरावांनी फेटा काढून मांडीवर ठेवला.

"आन छकड्यावर चंद्रभान हाय," जंगू म्हणाला. "एवढ्या जोरात बैल थांबले तं तो कुठी पडन?"

"तुले पह्यला नंबर पाह्यजे का नाई ते सांग!"

"पाह्यजे, पाटील," जंगू म्हणाला. आवाज इतका खाली गेला होता की मला पुढे वाकून ऐकावं लागलं. "लय पाह्यजे. पण मी पळाचीच हाक देतो. दोन्ही जोड्या पळू द्या. माया जोडीचे पाय चांगले हायेत."

पुंडलिकरावांनी तोंडानं पुष्कळ धुसफूस केली, महादेवरावांची जोडी फुकटात हाकायला मी धुरकरी ठेवला की काय, असंही म्हणाले. पण त्यांनी धुरकरी बदलला नाही, आणि एवढ्यासाठी मी त्या माणसाला मानतो. दुसरा कुणी असता तर भाच्याला बसवून मोकळा झाला असता.

मी शेवटाच्या दोरीपाशी जाऊन उभा राहिलो. समोर चारशे पावलांवर दोन्ही छकडे दिसत होते. जोड्या सोडायचा रुमाल पडला. पहिली पन्नास पावलं चंद्रभान ओरडत होता, मग त्याच्या लक्षात आलं की आपलं कुणी ऐकत नाही, आणि तो गप्प झाला. मग मैदानात एकच आवाज राहिला. हजारो माणसं होती, पण एक पोर रडलं नाही की कुणी शिटी मारली नाही. ती हाक चढत होती आणि तिच्याखाली चार बैल पळत होते, चौघांचेही कान मागे वळलेले, पाखऱ्या, हौश्या, चांद्या, भुरा. बांधाच्या अलीकडचे कोण आणि पलीकडचे कोण हा भेदच राहिला नव्हता. मी सात वर्षं पट पाहिले. वेग पुष्कळ पाहिला. पण चार जनावरं एका माणसाच्या श्वासावर एकाच वेळी उचलली जाताना पाहिली ती तेव्हाच. माझे डोळे भरून आले आणि मी ते पुसले नाहीत, कारण झेंडा हातात होता आणि डोळ्याचं पातं लववायचीही सोय नव्हती.

शंभर पावलं उरली तेव्हा चांद्या आणि भुरा पुढे होते. फार नाही, एक मुस्कटभर. पण पुढे होते, आणि तेवढं पुरतं. ऐंशी, सत्तर. माझं मन झेंडा उजवीकडे टाकून मोकळंही झालं होतं.

आणि मला दिसलं, की जंगूचं तोंड माझ्याकडे नाही.

धुरकऱ्याची नजर आपल्या दोन बैलांच्या मधून सरळ समोर असावी लागते. नजर वळली की खांदा वळतो, खांदा वळला की कासरा ओढला जातो आणि जोडी अर्धं पाऊल त्या बाजूला झुकते. हे मला जंगूनंच रूपरावच्या गोठ्यात सांगितलं होतं. आणि आता जंगू बांधापलीकडे पाहत होता. हाक तोंडातून चालूच होती, ती तसूभरही उतरली नव्हती, पण डोळे पाखऱ्या आणि हौश्यावर खिळले होते. चांद्या अर्धं पाऊल डावीकडे झुकला. भुऱ्यानं ते सावरलं. तेवढ्यात पलीकडची दोन पांढरी मुस्कटं दोरीवरून गेली.

माझा हात डावीकडे पडला. डोळ्यांनी जे पाहिलं ते हातानं केलं. त्या क्षणी मी कुणाचा तरी सोयरा असतो तर फार बरं झालं असतं असं वाटलं.

गर्दी फुटली, गुलाल उडाला, महादेवरावांना लोकांनी खांद्यावर घेतलं. मी भोंग्यापाशी गेलो आणि वाचलं, "पहिला नंबर, आर्वीचे महादेवराव यांची जोडी. दुसरा नंबर, वडनेरचे पुंडलिकराव यांची जोडी." जंगूचं नाव मी घेतलं नाही. रीत नव्हती. आजही त्याचा मला राग येतो, रीतीचा नाही, माझा स्वतःचा. भोंगा माझ्या हातात होता. माझा हात कुणी धरला असता?

मग मी तावातावानं नांगरलेल्या वावरात गेलो. जंगू जोडी सोडत होता. पुंडलिकराव येऊन बोलायचं ते बोलून गेले होते. जिजा पाण्याचा तांब्या घेऊन बांधावरून उतरत होती.

"अरे, बाजूला कशाला पाहिलंस?" मी ओरडलोच. "नंबर तुझ्या हातात होता! सत्तर पावलं होती! सोळा वर्षं आणि शेवटची सत्तर पावलं तुला समोर पाहवलं नाही?"

त्यानं भुऱ्याच्या मानेवरून जू उतरवलं आणि खाली ठेवलं. त्याचा घसा पार बसला होता. शब्दाशब्दाला थांबत तो म्हणाला, "मास्तर, तुमी पट कोठून पाहता?"

"इथून. शेवटाहून."

"तुमी समोरून पाहता. लोकं बाजूनं पाहते. मी?" त्यानं छकड्याकडे बोट केलं. "मी मांगून पाहतो. शेपट्या अन् पाठी. बैल पळते तवा मी छकड्यावर रायतो. मी खाली उतरलो का बैल थांबते. सोळा साल झाले मास्तर, मी शिकवलेला बैल पटात पळताना कसा दिसते, हे साऱ्या जिल्ह्यानं पाह्यलं. मीच नाई पाह्यलं."

मी त्याच्या हातातले कासरे घेऊन धरले.

"आज ते बाजूनं पळून राह्यले होते. मायाच हाकेवर. म्हणलं एक डाव पाहाव. एकच डाव. मंग नजर निघालीच नाई."

जिजा येऊन उभी राहिली होती. तिनं सगळं ऐकलं होतं. मला वाटलं आता ही बाई कपाळाला हात लावेल, आणि लावला असता तर मी तिच्या बाजूनं बोललो असतो. ती म्हणाली, "मंग? कसे दिसले?"

जंगूनं तोंड उघडलं, पण आवाजच फुटेना. त्यानं ढेकळावर बसकण मारली, तिला हातानं जवळ बसवलं आणि तिच्या कानाशी वाकून त्यांच्या बोलीत सांगू लागला. तीन बोटांचा तो वाकडा हात हवेत उठत होता, पडत होता, पुन्हा उठत होता. मधेच तो पाखऱ्याचे पुढचे पाय कसे पडत होते ते दोन्ही हातांनी जमिनीवर दाखवायचा, आणि पुन्हा सांगायला लागायचा. मला एक शब्द कळला नाही, आणि तरीही मी तिथून हललो नाही. जिजा त्याच्या हाताकडे पाहत होती. तांब्या तिच्या मांडीवर तसाच होता. त्याला पाणी द्यायचं ती विसरली होती, आणि तोही मागत नव्हता.